दुसऱ्यांदा कोण वाजवतं

वृषालीकाकूंनी मंडळाच्या दिवाळी अंकासाठी 'तुझ्या कामाबद्दल लिही' असा मेसेज पाठवला, तेव्हा तो चुकून माझ्याकडे आलाय असंच मला वाटलं. आपल्या अंकात दरवर्षी कोण लिहितं ते मला माहीत आहे. आयुष्यभर लोकांची हृदयं दुरुस्त केलेले डॉक्टरकाका लिहितात, पूल बांधलेले इंजिनिअर लिहितात. माझं अजून शिक्षणच संपलेलं नाही. आमच्या घरातून कॉलेजात गेलेला मी पहिलाच, आणि तिथे जाऊन अशा कामाला लागलो की त्याचं नाव सांगितल्यावर लोक म्हणतात, "ते ठीक आहे, पण जॉब काय करतोस?"

मी काकूंना फोन केला. "काकू, मी काय लिहिणार? मी दुसऱ्यांचं संगीत उतरवून काढतो."

"मग तेच लिही. पान सोडून ठेवलंय मी. आता कॅन्सल नाही करायचं, यार."

तेव्हा हे लिहायला धजावलो आहे. माझं मराठी विट्याच्या शाळेतलं आहे, सातवीपर्यंतचं. पुढचं घरी बोलून आणि आईची मासिकं वाचून टिकलं. चुकलं तर सांभाळून घ्या. आणि लेख माझ्या कामाबद्दल असला तरी खरं म्हणजे तो एका म्हाताऱ्या माणसाबद्दल आहे, हेही आधीच सांगून टाकतो.

माझे वडील लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरनेट वाजवायचे. आजोबाही वाजवायचे. मामानं फ्रिस्कोत हॉटेल काढलं आणि वडिलांना स्वयंपाकघरात हाताशी बोलावून घेतलं, म्हणून आम्ही टेक्सासला आलो. इथल्या शाळांत फुटबॉलच्या मॅचला बँड लागतो, तो इतका मोठा की आमच्याकडच्या दहा वरातींना पुरेल. मला त्यात क्लॅरनेट मिळालं. त्याच क्लॅरनेटवर पुढे कॉलेजची फी माफ झाली. कॉलेज मात्र फ्रिस्कोपासून पाच-सहा तासांवर, टेक्सासच्या वरच्या अंगाला. सपाट जमीन, कापूस, वारा आणि मधूनच जिनिंग. खानदेशातून आलेल्या वाचकांना ते गाव लगेच ओळखीचं वाटेल.

तिथे पहिल्याच वर्षी संगीत विभागाच्या लायब्ररीत मला काम मिळालं आणि लायब्ररीच्या बाईंनी मला हार्लन बीस्ली यांच्याकडे पाठवलं.

हे नाव तुम्ही ऐकलेलं नसणार. आमच्या भागाबाहेर कुणीच ऐकलेलं नाही. बीस्ली सर तिथलेच. तरुणपणी पूर्वेकडे जाऊन संगीतरचना शिकले, तिकडे बरं चाललंही होतं, पण वडील आजारी पडले म्हणून परत आले आणि मग राहिलेच. कॉलेजात शिकवलं. आणि गावातल्या लोकांनी जे जे मागितलं ते ते लिहिलं. चर्चसाठी, शाळांसाठी, पाण्याच्या टाकीच्या उद्घाटनासाठी, बँकेच्या मॅनेजरच्या अंत्यविधीसाठी. एका जिनिंगच्या मालकाला वर्धापनदिनाला ऑर्केस्ट्रा हवा होता, पण त्यात त्याचं मशीनही वाजलं पाहिजे अशी अट होती. सरांनी मशीनचा सूर ऐकला, तो नेहमीच्या सुराच्या किंचित खाली होता, म्हणून सगळ्या ऑर्केस्ट्रालाच खाली उतरवायचं ठरवलं. ज्याच्या सुरावर बाकीचे आपली वाद्यं जुळवून घेतात, त्या ओबोवाल्यानंच नकार दिला. त्याची समजूत काढून कार्यक्रम सुरू झाला आणि मध्यावर मशीन बंद पडलं. लोकांना वाटलं संपलं. त्यांनी टाळ्या वाजवल्या आणि सगळे जेवायला गेले.

"मग उरलेलं?" मी विचारलं.

"उरलेलं अजून उरलेलंच आहे," सर म्हणाले. "त्या कपाटात."

आता माझं काम काय ते सांगतो. रचनाकार जो कागद लिहितो त्यात सगळी वाद्यं एकाखाली एक असतात. त्याला स्कोअर म्हणतात. तो फक्त पुढे उभं राहून हात हलवणाऱ्याच्या उपयोगाचा. वाजवणाऱ्या प्रत्येकाला फक्त त्याच्या वाद्याचा कागद लागतो, त्याला पार्ट म्हणतात. स्कोअरमधून हे पार्ट वेगळे काढायचे, हे माझं काम. जुन्या मराठीत मला नकलनवीस म्हणता येईल. आता कॉम्प्युटरवर करतात, म्हणून लोकांना वाटतं बटण दाबलं की झालं. तसं नाही. वाजवणाऱ्याचे दोन्ही हात वाद्यावर असतात, त्यामुळे पान अशा जागी संपवावं लागतं जिथे त्याला थोडा विराम आहे. एखाद्याला बराच वेळ गप्प बसायचं असेल तर तो मोजता मोजता हरवतो. म्हणून त्याच्या कागदावर बारीक अक्षरात शेजारच्या वाद्याचे दोन सूर लिहायचे, म्हणजे ते ऐकून तो जागा होतो. चांगला पार्ट केला की कुणाच्या लक्षातही येत नाही. वाईट केला की सगळ्यांना कळतं.

गावच्या ऑर्केस्ट्रात बसून वाजवणाऱ्या डोना नावाच्या आजी आहेत. मी केलेला पहिला पार्ट त्यांच्यासाठीच होता. तालमीनंतर तो घेऊन त्या माझ्याकडे आल्या.

"बाळा, देवानं मला दोनच हात दिलेत आणि तिसऱ्या पानाच्या शेवटी दोन्ही कामात आहेत. पान काय नाकानं उलटू?"

"सॉरी मॅम. मी बदलून देतो."

"बदल. आणि नाकाची साइज विचारायला लाजू नकोस, माझं पुरलंही असतं."

सर मागे उभे राहून हसत होते. नंतर मला म्हणाले, "पार्ट लिहिताना त्या माणसाच्या खुर्चीत बसायचं. स्कोअर लिहिताना मी देव असतो. पार्ट लिहिताना तू आई असतोस." मी नुसतं येस सर म्हणालो.

माझे वडील एकदा मला भेटायला आले. सरांनी आग्रहानं त्यांना घरी बोलावलं आणि क्लॅरनेट पुढे केलं. वडिलांनी कित्येक वर्षं हात लावला नव्हता. हॉटेलात कांदा चिरून बोटं जाड झाली आहेत म्हणून लाजले, मग त्यांनी वरात दारात येते तेव्हाची एक चाल वाजवली. सर डोळे मिटून ऐकत होते.

"याची रचना कुणाची?" त्यांनी विचारलं. मी मराठीत वडिलांना सांगितलं.

"कोण जाणे," वडील म्हणाले. "सगळेच वाजवतात."

मी ते इंग्रजीत केलं. सरांनी क्लॅरनेट परत हातात घेतलं. मग हळूच म्हणाले, "सगळेच वाजवतात."

त्या आवाजातली हळहळ मला नंतर समजली. आमच्या या धंद्यात पहिल्यांदा वाजणं सोपं असतं. पहिल्यांदा वाजताना उद्घाटन असतं, फोटो असतो, देणगी देणाऱ्याचं नाव छापता येतं. दुसऱ्यांदा वाजवायला कुणाला काही कारणच नसतं. सरांचं कपाट एकदाच वाजलेल्या संगीतानं भरलेलं होतं. कपाटातल्या इतर कशाबद्दल ते कुरकुरत नसत, त्यावर विनोदच करत. एकाच रचनेबद्दल विनोद करत नसत.

आमच्या कॉलेजपासून तासाभरावर मिलर्स वेल नावाचं खेडं आहे. तिथली शाळा पोरं कमी झाली म्हणून बंद करायचं ठरलं. त्या शाळेत सरांच्या पत्नी, मार्था, पियानो आणि गाणं शिकवायच्या. शेवटच्या कार्यक्रमासाठी सरांनी शाळेच्या बँडला पाच मिनिटांची एक संथ रचना लिहून दिली. नाव ठेवलं 'मिलर्स वेलसाठी'. बंद होणाऱ्या शाळेसाठी लिहिलेली, म्हणजे ती पुन्हा वाजणार नाही हे लिहितानाच ठरलेलं. त्यानं काही बिघडत नव्हतं, कारण ती मार्थाबाईंनी ऐकायची होती. पण रचना सुरू झाली आणि पहिलीतल्या एका पोराला उलटी झाली. बाई त्याला घेऊन व्हरांड्यात गेल्या, दार मागे लागलं, आणि त्यांनी ती सगळी रचना दाराबाहेर पोराचं तोंड पुसत ऐकली. बंद दारातून फक्त खालचे सूर येतात. त्या पुढे कायम म्हणायच्या, "हार्लनच्या सगळ्यात चांगल्या रचनेतला मला फक्त ट्यूबा माहीत आहे. एकदा खुर्चीत बसून ऐकायचीय."

ते राहून गेलं. मी सरांकडे जायला लागलो त्याच्या काही वर्षं आधी त्या वारल्या.

"पार्ट कुठे गेले?" मी सरांना विचारलं होतं.

"शाळेबरोबर. मी नंतर गेलो होतो बघायला. शिपाई म्हणाला, बँडची खोली रिकामी केली, सगळं गेलं."

"कुठे गेलं ते विचारलं नाहीत?"

"माझीच पानं शोधत आलोय असं सांगायला लाज वाटली."

त्यांच्याकडे पेन्सिलनं लिहिलेला स्कोअर तेवढा होता. मी म्हणालो, मी पार्ट पुन्हा काढतो. सर म्हणाले, कशाला. पण दुसऱ्या दिवशी स्कोअर टेबलावर काढून ठेवलेला होता.

पार्ट व्हायला वेळ लागला, कारण पेन्सिल पुसट झाली होती आणि सर एकेका सुरावर थांबायचे. मार्थाबाईंबद्दल ते कधी फार बोलले नाहीत. एकदा हॉर्नच्या एका ओळीवर बोट ठेवून एवढंच म्हणाले, "हे तिला आवडलं असतं. नसतंही आवडलं. विचारता आलं असतं."

मग मी ते पार्ट पाठवायला लागलो. आसपासच्या बँडना, ऑर्केस्ट्रांना. सगळ्यांची उत्तरं सभ्य होती. एका ठिकाणाहून फोन आला, आवाज उत्साही होता.

"फार सुंदर आहे. बीस्ली हयात आहेत?"

"हो, आहेत."

"मग त्यांना विचारा, आमच्यासाठी नवीन काही लिहितील का? पहिला प्रयोग असेल तर आम्हाला ग्रँट मिळते."

मी सरांना निरोप सांगितला. ते म्हणाले, "त्यांना सांग, मला नवीन सुचेनासं झालंय. मला जुनं ऐकावंसं वाटतं."

फ्रिस्कोला सुट्टीत गेलो तेव्हा हॉटेलच्या स्वयंपाकघरात मामापाशीही हे बोललो. मामाला कुठलीही अडचण सोडवल्याशिवाय राहवत नाही.

"अरे आपल्या गणपतीत लावू की. ढोल-ताशाच्या आधी पाच मिनिटं."

"मामा, त्याला मोठा बँड लागतो. आणि ते संथ आहे."

"किती संथ?"

"खूप."

"मग जेवणाच्या लाइनीत लावू. लाइन पण संथच असते."

तिथे बसलेल्या मामाच्या मुलीनं, माझ्या मामेबहिणीनं, फोनमधून डोकं वर न काढता म्हटलं, "डॅड, प्लीज." मी निघताना वडिलांनी एवढंच विचारलं, "त्या मास्तरांचं ते वाजलं का?"

"नाही अजून."

"वाजेल," ते म्हणाले आणि फोडणी द्यायला वळले.

यंदाच्या उन्हाळ्यात सरांच्या मुलीनं त्यांना आपल्याकडे नेलं. ती डॅलसच्या पलीकडे राहते. सरांचे गुडघे गेले, एकट्यानं राहणं शक्य नव्हतं. घर विकायला काढलं आणि कपाटातलं सगळं कॉलेजच्या लायब्ररीत आलं. ते लावायचं काम माझ्याकडे. गाडीत बसताना सर म्हणाले, "तू पार्ट चांगले करतोस." मी म्हणालो, "सर, मी प्रयत्न करत राहीन." ते म्हणाले, "नको करूस. परीक्षा आहेत तुला."

हा लेख मी ठरवला होता तो इथेच संपणार होता. लायब्ररीतली खोकी, सपाट शेतं, वगैरे. काकूंना तसं कळवलंही होतं. पण सप्टेंबरच्या शेवटी एक गोष्ट घडली.

मी दुपारी लायब्ररीत बसून 'मिलर्स वेलसाठी'चे पार्ट शेवटचे तपासत होतो. तपासताना कॉम्प्युटर ते वाजवून दाखवतो. आवाज पत्र्याच्या डब्यासारखा असतो, पण सूर चुकला तर कळतो. हेडफोन बिघडला होता, म्हणून हळू आवाजात स्पीकरवर लावलं होतं. केली नावाची पहिल्या वर्षाची मुलगी पुस्तक परत करायला आली आणि काउंटरशीच उभी राहिली.

"तुम्ही कॅल्डरचे?" तिनं विचारलं.

"नाही. का?"

"मग तुमच्याकडे आमचं स्लो वन कसं?"

मला वाटलं तिची काहीतरी गल्लत होतेय. मी थांबवलं. तर तिनं पुढची ओळ गुणगुणून दाखवली. हॉर्नची ओळ, जिच्यावर सरांनी बोट ठेवलं होतं.

"हे तुम्ही कुठे ऐकलंत?"

"ऐकलं नाही, वाजवलं. दरवर्षी मेमध्ये. शाळा सोडून जाणारी मुलं शेवटचं हेच वाजवतात. माझ्या मम्मीनं पण वाजवलंय."

"लिहिलंय कुणी?"

तिनं जरा विचार केला. "कुणी नाही. ते आमचंच आहे."

कॅल्डर मिलर्स वेलच्या शेजारचं गाव. शाळा बंद झाल्यावर तिथली मुलं कॅल्डरच्या शाळेत गेली. कॅल्डरच्या बँडमास्तरांचा नंबर मी मिळवला आणि फोन केला. गृहस्थ तरुण होते, आधी जरा घाबरले.

"कॉपीराइटचा काही प्रॉब्लेम आहे का? आमच्याकडे मूळ प्रती नाहीत. मी आलो तेव्हाच झेरॉक्सच्या झेरॉक्स होत्या."

"प्रॉब्लेम नाही, सर. मला फक्त एक पान बघायचंय."

त्यांनी लगेच फोटो पाठवला. मिलर्स वेलच्या मुलांनी आपली वाद्यं नवीन शाळेत नेली, त्या पेट्यांमध्येच पार्ट दुमडून राहिलेले असणार. नवीन शाळेत मे महिना आला आणि त्यांनी ते बाहेर काढले असतील. नक्की काय झालं ते आता कुणालाच सांगता येत नाही. फोटोतल्या पानावर शाईचे सूर सरांच्या हातचे होते, मी कुठेही ओळखले असते. संगीताचा कागद ऑफिसच्या कागदापेक्षा मोठा असतो. साध्या झेरॉक्स मशीनवर ठेवला की कडा बाहेर राहतात. शाळेतल्या कुणीतरी सूर सगळे आले ना, एवढंच पाहिलं होतं. वरची कड कापली गेली होती. शीर्षक गेलं होतं, नाव गेलं होतं. त्या जागी कुठल्या तरी पोरानं पेन्सिलनं लिहिलं होतं, 'हळू. अजून हळू.'

मी बँडमास्तरांना विचारलं, हे कधीपासून वाजतंय. त्यांनी शाळेत जुन्या लोकांकडे चौकशी केली आणि संध्याकाळी कळवलं. दोन्ही शाळा एक झाल्या त्याच्या पहिल्याच मे महिन्यापासून. एकही वर्ष चुकलेलं नाही.

मग मी सरांना फोन लावला. कसं सांगावं ते ठरवलं होतं, पण आवाज ऐकल्यावर सगळं एकदम सांगून टाकलं. केली, झेरॉक्स, मे महिना, सगळं.

"सर, ऐकताय ना?"

"हो."

"पुढच्या मेमध्ये तुम्ही यावं असं कॅल्डरच्या बँडमास्तरांचं म्हणणं आहे. मी गाडी घेऊन येईन."

"पहिल्याच मेपासून, म्हणालास?"

"हो सर."

पलीकडे टीव्ही चालू होता. कुणीतरी तो बंद केला.

"मार्थाच्या बहिणीकडे आम्ही दर मेमध्ये जायचो," ते म्हणाले. "कॅल्डरवरूनच जातो तो रस्ता. तिथे गॅस भरायला थांबायचो. शाळा अगदी समोर आहे पंपाच्या. मार्था गाडीतच बसून राहायची. एकदाही उतरून आत गेलो नाही आम्ही."

त्यांनी फोन ठेवला नाही. मीही ठेवला नाही.